दादू गुरवाचा होकार

“पण दादू काय म्हणाला?”

केदारबुवांनी हे दुसऱ्यांदा विचारलं, तेव्हा रंगराव खोचरेला घाम फुटला.

“म्हणायचं काय त्यात, बुवा? मिटलं आमचं. अर्धं गाव होतं बैठकीला.”

वर पत्रा उन्हाने तडतडत होता. मठावर तो पत्रा रंगरावनेच घातला होता आणि वरच्या अंगाला आपलं नाव एवढं ठळक रंगवून घेतलं होतं, की देवालाही वाचताना चष्मा लागू नये. तेव्हापासून तो बुवांचा पट्टशिष्य. निदान तो तरी तसं सांगायचा.

निमित्त एवढंसं होतं. जत्रेत रंगरावच्या मानाची आरती चालू असताना मठात सनई वाजवणाऱ्या दादू गुरवाने दम घ्यायला सनई ओठांवरून काढली. आरतीत खंड पडला, रंगरावची काठी पडली, दादूचा जबडा मोडला. खालच्या कोर्टाने तीन वर्षं सुनावली. अपील हायकोर्टात गेलं. वकिलांनी सांगितलं, दोघांनी आपसात मिटवलं तर कोर्ट तडजोडीला परवानगी देईल. पण न्यायाधीश दादूला समोर उभं करून विचारतील, मनापासून ना?

ते उद्या विचारणार होते.

“तुम्ही त्याला फक्त निरोप धाडा, बुवा. उद्या नीट हो म्हण म्हणावं. तुमच्या शब्दाबाहेर नाही तो.”

“आधी बैठक कशी झाली ते सांग.”

रंगरावला हुरूप आला. बैठका त्याच्या आवडीच्या. त्यांत तो बोलायचा आणि बाकीचे चहा प्यायचे.

“माझ्याच सोप्यात घेतली. दादूला मधोमध खुर्चीवर बसवला. मी पाया पडलो त्याच्या, सगळ्यांदेखत! मग त्याचं तोंड गोड केलं. माझ्या हातानं पेढा भरवला आणि विचारलं, दादू, मिटलं ना आपलं?”

“मग?”

“मान हलवली.”

“कशी?”

“आता कशी म्हणजे… मान हलते तशी.”

“आणि?”

“डोळ्यांत पाणी आलं त्याच्या. गहिवरला.”

बुवांनी खुंटीकडे पाहिलं. दादूची सनई जत्रेपासून तिथेच टांगलेली होती. रंगराव दुसरीकडे पाहू लागला.

“पेढे आणलेत?”

“आणलेत की!” काम झालं असं रंगरावला वाटलं. त्याने खोका उघडून पुढे सरकवला.

बुवांनी दोन पेढे उचलले, एकत्र दाबले, त्याच्या तोंडात कोंबले आणि वर तळहात ठेवला.

“गिळू नकोस.”

रंगरावचे गाल फुगले. हसावं की कसं, कळेना. दारात बसलेली भक्तमंडळी पुढे सरकली.

“मंडळी, ऐका,” बुवा म्हणाले. “रंगराव अपील मागे घेतोय. तीन वर्षं भोगून येतो म्हणतोय. रंगराव, खरं ना?”

रंगराव डोळे फाडून मान हलवू लागला. नाकातून हुंकार काढू लागला. बुवांचा हात जागचा हलला नाही. श्वास कोंडला, डोळ्यांतून पाणी वाहू लागलं…

“मान हलवली,” बुवा म्हणाले.

“गहिवरलाही,” दारातलं कोणीतरी म्हणालं.

हात निघाला. ठसका लागलेला रंगराव ओरडला, “नाही म्हणत होतो मी! नाही!”

“हो का…”

रंगरावने उपरण्याने तोंड पुसलं. पेढा भरवताना आपला अंगठा दादूच्या जबड्यावर टेकला होता, त्याच मोडक्या बाजूला, हे त्याला आत्ता आठवलं.

“बुवा… तो हो म्हणत होता का नाही म्हणत होता?”

“मी कुठं होतो तिथं?”

रंगराव खाली बघत राहिला. मग घोगऱ्या आवाजात म्हणाला, “आत्ता जातो त्याच्याकडं. एकटा जातो. विचारतो परत.”

“जा.”

“आणि नाही म्हणाला तर? तीन वर्षं, बुवा…”

रंगराव उठला. सवयीने खोका काखोटीला मारला आणि दाराकडे वळला.

“रंगराव,” बुवा म्हणाले, “पेढे इथंच ठेव.”