बाकावरचा खिळा

माझं शुद्धलेखन कच्चं आहे आणि शब्दही साधेच आहेत, तेवढं सांभाळून घ्या.

सदू लोणारेचं भाड्याच्या गाळ्यात सायकलदुरुस्तीचं दुकान होतं. गाळ्याचे मालक नरहरशेठ यांना तो रिकामा हवा होता. दिवाणी दावा लांबेल म्हणून शेठनी फौजदाराला हाताशी धरलं. फौजदार रोज सदूला चौकीत बोलावून दिवसभर बाकावर बसवून ठेवी आणि म्हणे, "गाळा सोड, म्हणजे बाक सुटेल!"

दुकान बंद पडायची वेळ आली, तेव्हा सदूने हायकोर्टात अर्ज केला.

तिथे फौजदार मिशीवरून हात फिरवत म्हणाला, "छळ कसला, साहेब? समेटासाठी दोघांना बोलावलं. एकाच बाकावर शेजारी बसवलं, चहासुद्धा पाजला." शेठनी जोरात मान डोलावली.

न्यायमूर्तींनी सदूकडे पाहिलं. सदू हात जोडून म्हणाला, "शेठना एकच विचारतो, साहेब. शेठ, त्या बाकाचा खिळा वर आलाय. माझ्या विजारी फाटल्या. तुमचं धोतर कसं वाचलं?"

शेठ फणकारले, "मी कशाला बाकावर बसू? मला फौजदारसाहेब खुर्ची देतात!"

सगळं कोर्ट हसलं. फौजदाराचा हात मिशीवरच राहिला. न्यायमूर्ती म्हणाले, "गाळ्याचं काय ते दिवाणी कोर्ट बघेल. पोलिसांनी त्यात पडायचं नाही."

दुसऱ्या दिवशी सकाळी सदू चौकीच्या दारात उभा! हवालदार दचकला, "अरे बाबा, तुला कुणी बोलावलं?"

"आज माझा मीच आलोय," सदू म्हणाला. त्याने खिशातून पक्कड काढली, बाकाचा खिळा उपटला आणि दुकान उघडायला गेला.