मागून येणारे पाय

"पण तो माणूस कोण होता?" मुलाणी गुरुजींनी विचारलं.

"कुठला माणूस?"

"तुझ्या वाटेत आला तो."

बिरुदेव कोळेकर बोलता बोलता थांबला. गेला पाऊण तास तो आशियाई अजिंक्यपद स्पर्धेतली आपली दहा हजार मीटरची शर्यत गुरुजींना सांगत होता. पंचवीस फेरे. त्यातले चोवीस फेरे तो पहिल्या चौघांत होता. शेवटच्या फेऱ्याची घंटा झाली, त्यानं वेग वाढवला, तिसऱ्याला जवळजवळ गाठलं... आणि शेवटच्या वळणावर, दोन फेरे मागं पडलेला एक जण मध्ये आला. बिरूला त्याच्या बाहेरून वळसा घ्यावा लागला. अर्ध्या सेकंदानं कांस्यपदक गेलं.

आणि गुरुजी विचारत होते त्या माणसाचं!

"कुणास ठाऊक, गुरुजी. कुठल्यातरी बेटावरचा होता. शेवटचा आला असेल."

"असेल म्हणजे? तू बघितलं नाहीस?"

"मी कशाला बघू? माझी शर्यत संपली होती."

"आणि त्याची?"

"त्याचे दोन फेरे राहिले होते."

गुरुजी ओसरीत चिंचा फोडत बसले होते. हातातला चिंचोका त्यांनी बाजूला टाकला.

"तो आत सरकला का बाहेर?"

"बाहेर. मी 'हट' म्हणून ओरडलो. तसा तो बाहेर झाला, आणि मीही बाहेरूनच निघालो होतो. तिथंच घोळ झाला."

"म्हणजे त्यानं तुला वाट दिली."

"चुकीची दिली! मागं पडलेल्यानं आपली रेघ धरून पळावं. एवढंही कळत नाही, तर यायचं कशाला?"

"हां..." गुरुजी पुढं झुकले. "कशाला आला असेल?"

बिरूचा आवाज चढला. "गुरुजी, मी पलटणीतून सुट्टी काढून आलोय. माझं काय चुकलं ते विचारायला. तुम्ही त्या माणसाचंच धरून बसलाय."

गुरुजी रागावले नाहीत. माणदेशातल्या त्या शाळेच्या खडकाळ मैदानावर बिरूला पहिल्यांदा घड्याळ लावून पळवलं होतं ते यांनीच. बिरूला त्यांचा स्वभाव ठाऊक होता. त्यांना एखादी गोष्ट कळली नाही, की ते लहान पोरासारखे तिच्या मागं लागत.

"मला ठाऊक असतं तर विचारलं असतं का? पदक नाही, नंबर नाही, सगळे पुढं गेलेले... तो पळत का होता?"

"ते त्यालाच विचारा."

"मी कुठं जाऊ विचारायला? तू जाशील की पुन्हा."

बिरू चहा न घेताच उठला.

पलटणीत परतल्यावर त्यानं सराव वाढवला. राग होता, त्यामुळं पायांना जोरही होता. पण पळताना मध्येच तो प्रश्न आडवा यायचा. कशाला आला असेल?

एका रविवारी न राहवून त्यानं त्या शर्यतीची चित्रफीत लावली. स्वतःची शर्यत त्यानं पन्नासदा पाहिली होती. या वेळी त्यानं त्या माणसाला पाहिलं. ठेंगणा, सावळा, ढगळ बनियन. शेवटच्या वळणावर बिरू मागून येतोय, ओरडतोय... आणि तो माणूस बाहेर सरकता सरकता मान वळवून मागं बघतोय.

बिरूनं चित्र थांबवलं.

तो हसत होता. चेष्टेनं नाही. गावाकडचा पाहुणा दारात दिसल्यावर माणूस हसतो, तसा.

निकालाच्या यादीत सगळ्यात खाली नाव होतं. हुसेन नासिह.

दोन वर्षांनी पुन्हा आशियाई स्पर्धा आली. बिरूची निवड झाली. यादी हातात पडताच त्यानं आपले प्रतिस्पर्धी सोडून आधी ते नाव शोधलं. होतं.

शर्यतीच्या आदल्या दिवशी सरावाच्या मैदानावर तो त्याच्याकडं गेला. दोघांचंही इंग्रजी तोडकंमोडकं होतं. नासिहनं त्याला बघताक्षणी ओळखलं आणि दोन्ही हातांनी त्याचा हात धरला.

त्या दिवशी तो जे बोलला, ते बिरूनं सुट्टीत गावी येऊन गुरुजींना सांगितलं. त्याच ओसरीत. या वेळी चहा घेऊन.

"गुरुजी, त्याचं बेट अडीच किलोमीटर लांब आहे. या टोकापासून त्या टोकापर्यंत एकच वाट. मासेमारीचं गाव. पळणारा तो एकटाच. नऊ वर्षं एकटा पळतोय."

"मग?"

"म्हणाला, माझ्या मागून कुणी पळत आलेलं मी कधी ऐकलंच नव्हतं. लाटा ऐकल्या, वारा ऐकला, स्वतःचा दम ऐकला. पण दुसऱ्या माणसाचे पाय नाहीत."

गुरुजींनी कपबशी खाली ठेवली.

"म्हणाला, त्या शर्यतीत पहिल्यांदा ऐकले. एकेकाचे वेगळे वाजतात. कुणाचे टपटप, कुणाचे घासत. तुझे फार जोरात वाजत होते. आणि तू तर मला हाकही मारलीस."

"हाक..."

"त्याला ती हाक वाटली होती, गुरुजी." बिरू खाली बघत म्हणाला. "मला विचारत होता, तू काय म्हणाला होतास? भाषा कळली नाही, म्हणून दोन वर्षं विचार करतोय."

"मग काय सांगितलंस?"

"खोटं बोललो. म्हणालो, 'चल, चल' म्हणत होतो."

गुरुजी खळखळून हसले. मग त्यांनी डोळे पुसले.

"आणि शर्यत?"

बिरू सावरून बसला.

"माझे दोन फेरे राहिले असताना मी त्याच्या मागं पोचलो. ओरडलो नाही. नुसता पळत राहिलो. त्याला पाय कळले. यंदा तो रेघेवरून हलला नाही, कुणीतरी शिकवलं असणार. मी बाजूनं पुढं गेलो, तर मागून त्याचा आवाज आला. चल, चल. मराठीत!"

"वा!"

"माझी शर्यत संपली तसा मी रेषेपाशीच उभा राहिलो. पंचांनी आत जा म्हणून दोनदा सांगितलं. मला कळत नाही असं दाखवलं. सगळे निघून गेले. तो एकटा पळत होता. उजवा खांदा जरा वाकडा करून पळतो. वळणावर हात अंगाशी घेतो. अखेरच्या शंभर मीटरला माणसं उभी राहिली, तर हा बिचारा लाजला. पळता पळता लाजला! रेषा ओलांडली आणि माझ्या अंगावर येऊन पडला. घामानं चिंब. म्हणाला, या वेळी सहा जणांचे ऐकले."

"सहा जण कशावरून? मोजले त्यानं?"

"मोजले. एकाच्या बुटाचा बंद सुटून आपटत होता, तेही त्यानं सांगितलं."

समोरच्या माळावर उन्हं तिरकी होऊ लागली होती.

बऱ्याच वेळानं बिरूच्या ध्यानात आलं, की आपला नंबर सांगायचा राहिलाच.

"मी सहावा आलो, गुरुजी."

गुरुजींनी मान हलवली. पाऊस नाही म्हटल्यावर हलवावी, तशी. मग ते गुडघ्यावर हात टेकून उठले. त्र्याहत्तर वर्षांचं वय. उभ्या आयुष्यात त्यांनी शेकडो पोरं पळवली, घड्याळ धरलं, शिट्टी वाजवली, पण त्यांना स्वतःला पळताना बिरूनं कधी पाहिलं नव्हतं. गावात कुणीच पाहिलं नव्हतं.

त्यांनी वहाणा ओसरीतच काढून ठेवल्या. धोतराचा सोगा वर खोचला. पायऱ्या उतरून ते माळाच्या वाटेला लागले.

"गुरुजी, कुठं निघालात?"

गुरुजींनी मागं वळून पाहिलं नाही. आधी भराभर चार पावलं टाकली, मग खांदे पुढं झुकवले, आणि खरोखरच ते पळायला लागले. डुलत, अडखळत, धूळ उडवत.

"ये मागनं," ते दम घेत ओरडले. "आणि जवळ आलास, तरी लगेच पुढं जाऊ नकोस..."