देवळाच्या पायरीवरील हाताची खूण

पाहुणेहो, या दुसऱ्या पायरीवर कोरलेली चर पाहा. फुलवाल्या बाया अन्यत्र कोपरापासून बोटापर्यंत माळ मोजतात. आमच्या मेहुणखेड्यात ती या चरीवर ठेवून मोजतात. स्वतःच्या हाताने येथे कोणी काही मोजत नाही. यामागची कथा सांगतो; ऐकताना किळस येईल. ती यावी, असेच मला वाटते.

असे सांगतात की हे गाव सोमाजी नाईकाने वसवले. नदीकाठची जमीन त्याने स्वतःच्या हाताच्या मापाने वाटून दिली आणि देवळाचे दार याच मापाने बरोबर तीन हात रुंद ठेवले. दरवर्षी पूर बांध पुसून टाकी. दरवर्षी नाईक पुन्हा मोजून देई. मरताना तो एवढेच म्हणाला, “माझ्यामागे माप बदलू नका.”

लोकांनी काय करावे? त्यांनी शवाचा उजवा हात कोपरातून कापून घेतला, मीठ भरून गाभाऱ्यात ठेवला. त्याला तूप चोळीत, हळदकुंकू वाहीत, धुऊन ते पाणी तीर्थ म्हणून पीत. आणि पूर ओसरला की त्याच्या लांबीची काठी तोडून शेते मोजीत. दुर्गंधीला ते सुगंध म्हणत. श्रद्धेने नाक बंद झाले होते, असे म्हणण्याचीही मला लाज वाटते.

मेलेला हात वाळतो, बोटे आत वळतात. काठी वर्षागणिक आखूड होत गेली. देवळापासून ओळीने सर्वांचे वाटे मोजून झाल्यावर उरलेली जमीन सोमाजीच्या मुलाची, भानजी नाईकाची. ती वाढत होती. तो गप्प होता.

ओळीतील शेवटचे शेत येसाई नावाच्या विधवेचे. सर्वांच्या वाट्यातील तूट तिच्या बांधावर येऊन साचे. एका वर्षी बांध असा सरकला की तिची विहीर भानजीच्या हद्दीत गेली. विहिरीवाचून ते शेत म्हणजे नुसती माती होती.

येसाई देवळासमोर उभी राहिली, म्हणे. “नाईक, तुमचे माप दरसाल तूप खाते आणि तरी रोडावते. माझी म्हैस अशी रोडावली असती, तर मी तिला वैद्याला दाखवली असती.”

“जीभ आवर, येसाई! बापाचा हात आहे तो.”

“मग बापानेच मोजलेल्या दाराला लावून पाहा.”

लोकांची कुजबुज वाढली, तेव्हा हात उंबरठ्यावर टेकवून पुढे पुढे सरकवला. तीन वेळा ठेवूनही दार उरलेच. यावर भानजीच्या ताटातले जेवणारा जोशी काय बोलला असेल? “हात तेवढाच आहे. देवाचे दार आहे, ते रुंदावले.”

“रुंदावले? मग वरची शिळा तडकली कुठे, ते दाखवा जोशीबुवा.”

शिळा अखंड होती. भानजी चिडला. शपथ घेण्यासाठी त्याने तो हात उचलून कपाळाला लावला, तोच त्या मेलेल्या हाताच्या बोटातली अंगठी सैल होऊन निसटली, वाळलेल्या कातडीचे साल घेऊन तीर्थाच्या पात्रात पडली, आणि तीवरून एक अळी पाण्यात वळवळू लागली. त्याच पात्रातून सकाळी सर्वांनी तीर्थ घेतले होते. म्हणे, अर्धे गाव नदीकाठी ओकत बसले. त्या ओकारीत मला त्या गावाचा पहिला शहाणपणा दिसतो.

हाताला अग्नी दिला. दाराच्या रुंदीची दोरी घेऊन तिच्या तीन घड्या केल्या आणि एका घडीएवढी चर पायरीत कोरली. भानजी पाहत असतानाच येसाईचा बांध मागे सरला. धान्याला पायली, तेलाला पळी, जमिनीला काठी. वस्तूगणिक माप निराळे असते. पण माप ज्याचे पोट भरते, त्याच्या ताब्यात ते पूजेला ठेवू नये, आणि ज्याला ताडून पाहता येत नाही, त्याला माप म्हणू नये.

तुम्ही गाभाऱ्यापाशी ओंजळ पुढे केलीत, म्हणून हे सांगितले. आजही या देवळात तीर्थ देत नाहीत. तहान लागली असेल, तर शेतांच्या कडेने खाली जा. येसाईच्या विहिरीचे पाणी गोड आहे.