गुंजीचं फूल घोंगडीखाली

डोंगरावर होतं एक पठार. पठारावर फुलायची सोनकी. पिवळी पिवळी, बटणाएवढी फुलं.

तिथं राहायची गुंजी. गुंजी म्हणजे इवलीशी मधमाशी. उडायची गूं गूं, गूं गूं.

एका सकाळी एकच फूल उमललं. बाकी सगळ्या कळ्या मिटलेल्या. गुंजीला लागली होती भूक.

"हे माझं फूल!" गुंजी म्हणाली.

इतक्यात आली ठकूमावशी. मावशीची झोपडी पठारावरच. तिनं घोंगडी धुतली होती. सोनकीचा ताटवा दिसला मऊ मऊ.

"कातळापेक्षा हेच बरं," मावशी म्हणाली. आणि पसरली घोंगडी. थप्प!

फूल गेलं खाली. अंधारात.

"मावशी, मावशी, घोंगडी उचल! माझं फूल खाली आहे!"

मावशीला ऐकू आलं नुसतं गूं गूं. ती आपल्याशीच म्हणाली, "ओली घोंगडी लई जड गं बाई. ऊन पडलं, ती वाळली, की उचलते."

गुंजी उडाली. गूं गूं, गूं गूं. वर, वर, वर.

"सूर्यदादा, सूर्यदादा, ऊन पाड!
मावशी घोंगडी उचलेना.
माझं फूल मला मिळेना!"

सूर्य म्हणाला, "पाडू कसं? समोर ढग बसलाय. तो सरकला की पाडतो."

गुंजी उडाली. गूं गूं, गूं गूं.

"ढगोबा, ढगोबा, सरक!
सूर्य ऊन पाडेना.
मावशी घोंगडी उचलेना.
माझं फूल मला मिळेना!"

ढग म्हणाला, "मला कुठं पाय आहेत? वाऱ्यानं ढकललं की सरकतो."

वारा झोपला होता दरीत. घुर्रर्र, घुर्रर्र. गुंजी उडाली. गूं गूं, गूं गूं.

"वारेभाऊ, वारेभाऊ, ऊठ!
ढग सरकेना.
सूर्य ऊन पाडेना.
मावशी घोंगडी उचलेना.
माझं फूल मला मिळेना!"

वारा म्हणाला, "शीळ ऐकल्याशिवाय मी उठत नाही. जा, म्हाळूमामाला सांग."

म्हाळूमामा म्हैस राखत होता. गुंजी उडाली. गूं गूं, गूं गूं.

"मामा, मामा, शीळ घाल!
वारा उठेना.
ढग सरकेना.
सूर्य ऊन पाडेना.
मावशी घोंगडी उचलेना.
माझं फूल मला मिळेना!"

मामा म्हणाला, "वा गं वा! शीळ ऐकली की म्हैस घरी निघते. ती उपाशी आहे. तिला चरू दे, मग घालतो."

गुंजी उडाली. गूं गूं, गूं गूं.

"म्हशीताई, म्हशीताई, चर!
मामा शीळ घालीना.
वारा उठेना.
ढग सरकेना.
सूर्य ऊन पाडेना.
मावशी घोंगडी उचलेना.
माझं फूल मला मिळेना!"

म्हैस म्हणाली, "चरू कशी? कानात गोमाशी बसलीय. बगळा तिला टिपेल, मग चरते."

गुंजी उडाली. गूं गूं, गूं गूं.

"बगळेकाका, बगळेकाका, गोमाशी टिप!
म्हैस चरेना.
मामा शीळ घालीना.
वारा उठेना.
ढग सरकेना.
सूर्य ऊन पाडेना.
मावशी घोंगडी उचलेना.
माझं फूल मला मिळेना!"

बगळा म्हणाला, "आज नको. आज मी एका पायावर उभा आहे."

"मग दुसरा टेक!"

"तो झोपलाय."

आता मात्र गुंजी रागावली. "जो तो दुसऱ्याचंच नाव सांगतो! आणि माझं फूल तिकडं अंधारात!"

गुंजी वळली. थेट शिरली म्हशीच्या कानात. गोमाशी केवढी मोठी!

"ऊठ!" गुंजी म्हणाली. "हा कान म्हशीताईचा आहे."

"तू कोण गं, चिमूटभर?"

"मी गुंजी. आणि मला नांगी आहे. बघायचीय?"

गोमाशी पळाली. भुर्रर्र!

मग म्हैस चरली. चर चर चर.
मामानं शीळ घातली. शुईऽऽ!
वारा उठला. सूंऽऽ!
ढग सरकला. हळू, हळू, हळू.
सूर्यानं ऊन पाडलं. लख्ख!
घोंगडी वाळली. मावशीनं ती उचलली. फट्ट!

"अगं बया! खाली फूल होतं होय?" मावशी म्हणाली. "सांगायचंस की गं मला!"

"सकाळपासून तेच तर सांगतेय!" गुंजी म्हणाली.

फुलाची मान झाली होती वाकडी. गुंजी थांबली. फुलाला ऊन लागलं. मान उठली. थोडी. अजून थोडी. आणि फूल ताठ उभं राहिलं.

गुंजी फुलावर बसली. चुट चुट मध प्याली. नाक झालं पिवळं. पोट झालं गोल.

वारा आला. फूल डुललं. इकडे. तिकडे. इकडे. तिकडे.

आणि गुंजी झोपली. आपल्या फुलात.