सोन्याच्या पुढची भिंगरी

एकदा काय झालं, धुक्यापलीकडच्या देशात दोन बहिणी होत्या. मोठी केतकी, धाकटी भिंगरी. दोघी एकाच गोधडीत निजायच्या. आणि ही भिंगरी झोपेत लाथा मारायची, बरं का. आपल्याकडेही आहे असं एक माणूस, मी नाव घेत नाही. दिगू, हसू नकोस.

एक दिवस दोघी दमून तिन्हीसांजेलाच आडव्या झाल्या. भिंगरीने झोपेत केतकीच्या पाठीत लाथ हाणली. केतकी वैतागली. म्हणाली, "भिंगरे, शिशाच्या गोळ्यासारखी पडून राहा बघू एकदाची." आता तिन्हीसांजेला असं बोलू नये, हे मी तुम्हांला किती वेळा सांगते? वास्तू तथास्तु म्हणते. म्हणालीच ती. आणि भिंगरी झाली शिशाची. गार, जड, काळपट.

"बोललेलं परत घेते गं," असं केतकी भिंतींना सांगत फिरली. पण वास्तू एकदाच ऐकते. आईने त्या दिवशी चूलसुद्धा पेटवली नाही.

मग बाबा म्हणाले, "कोमट डोंगरावर किमयाशाळा आहे. तिथे एका धातूचा दुसरा धातू करतात. जाऊन बघू." बाबा होते नावाडी. त्यांनी भिंगरीला गोधडीत गुंडाळून होडीत निजवलं, केतकीला शेजारी बसवलं आणि होडी धुक्यात लोटली. त्या देशात धुक्यावर होड्या चालतात. खाली गावाचे दिवे लुकलुकत होते, वर चांदण्या होत्या. मधून होडी चालली आपली, हळू हळू, हळू हळू...

मिटले का कोणाचे डोळे? अजून नाही. बरं.

कोमट डोंगरावर बर्फ टिकत नाही, कारण त्याच्या पोटात शाळेच्या भट्ट्या. शाळेत सगळे कुजबुजत बोलायचे. धातू बदलताना झोपेत असतो म्हणे, मोठा आवाज झाला की दुधासारखा नासतो. लहान मुलं दवाचे मोती करायला शिकायची. मधली मुलं चांदण्याची चांदी करायची. मोठी मुलं शिशाचं सोनं करायची. आणि दारावर कोरलेलं होतं, 'सोनं झालं की थांबा.'

शाळेचे गुरुजी होते पारोजी. त्यांच्या दाढीत तांब्याचे केस होते, चांदीचे होते आणि एक सोन्याचाही होता. त्यांनी भिंगरीला पाळण्याएवढ्या मुशीत ठेवलं. मूस म्हणजे धातू तापवायचं मातीचं भांडं. मग केतकीला म्हणाले, "ज्याचं काम त्यानेच भाता चालवायचा, असा आमचा नेम आहे."

बाबा बाहेर होडीपाशी थांबले आणि केतकीने भाता चालवला. भस्स, भस्स. भिंगरी तांब्याची झाली. केतकीने तिच्या कानात हाक मारली, पण तिने ओ दिली नाही. मग आणखी भाता चालवला. भिंगरी चांदीची झाली. तरी ओ नाही. मग आणखी चालवला, आणि भिंगरी झाली सोन्याची. अख्खं भट्टीघर उजळून निघालं. तिच्या पापण्यासुद्धा सोन्याच्या होत्या. पण ओ काही दिली नाही.

मुलांनी कुजबुजत जयजयकार केला. पारोजी म्हणाले, "झालं. ने घरी. सोन्यापुढे काही नसतं."

"सोन्यापुढे भिंगरी असेल," केतकी म्हणाली.

"तिकडे आजवर कोणी गेलं नाही, बाळ. पुढे राख असली तर? मग एवढीही उरायची नाही."

केतकी फार घाबरली. एवढी सुंदर बहीण समोर होती. तिची राख झाली तर आईला काय सांगायचं? तिने तो सोन्याचा पाय चाचपून पाहिला. पाय गप्प होता. भिंगरीचा पाय कधीच गप्प नसे. मग केतकीने पुन्हा भात्याला हात घातला.

भस्स, भस्स. सोन्याची झळाळी उतरली. मग ते फिकं पडलं, मग पार मातकट झालं. "नासलं," मुलं हळहळली. पारोजींनी डोक्यावरचं पागोटं काढलं. एकेक जण पाय न वाजवता निघून गेला. निखारे विझत आले. केतकीने आपली गोधडी मुशीवर पसरली आणि घरी निजायची तशी तिला पाठ लावून निजली. "भिंगरे, चुकलं माझं," ती म्हणाली. "हव्या तेवढ्या लाथा मार गं." रडता रडता तिचा डोळा लागला.

आणि मग काय झालं? खळ्ळकन मूस फुटली आणि केतकीच्या पाठीत बसली लाथ.

"सरक ना ताई," भिंगरी झोपेतच पुटपुटली. "सगळी गोधडी तूच घेतेस."

केतकी एवढ्या मोठ्याने हसली की शेजारच्या मुशींतली चांदी नासली. पण पारोजी रागावले नाहीत. त्यांनी दारावरची ती ओळ घासून काढली. तिथे दुसरं काय लिहावं ते त्यांना सुचेना, म्हणून ती जागा अजून मोकळीच आहे.

मग होडी धुक्यातून घरी आली. आईने चूल पेटवून मऊ भात केला. सगळे सुखाने राहू लागले. केतकीच्या पाठीत रोज एक तरी लाथ बसायची. बसली नाही तर ती जागी व्हायची आणि भिंगरीला हात लावून बघायची.

गोष्ट माझी सरली, गोधडी कोणाची घसरली? ओढून घ्या. निमे, लागली का दिगूची लाथ? लागू दे. झोप आता.