ओला हात

समुद्राला अगदी खेटून एक गाव होतं. गावात रापण ओढणारे चाळीस गडी होते. रापण म्हणजे भलंमोठं जाळं. होडीतून ते पाण्यात सोडायचं आणि दोन्ही बाजूंचे दोर धरून किनाऱ्यावर ओढून आणायचं. या चाळिसांत भिवा सगळ्यांत दांडगा. दोर धरण्याआधी तो कोरडी वाळू तळहातांवर खसाखसा चोळायचा. मग त्याच्या मुठीतून दोर सुटतोय कसला! त्याचा त्याला कोण अभिमान होता.

रापणीचे म्होरके, म्हणजे तांडेल, गुणाजीआबा आता थकले होते. त्यांच्या जागी आपणच, हे भिवाने मनाशी पक्कं धरलं होतं. कळायला लागल्यापासून त्याला दुसरं काही व्हायचंच नव्हतं.

एका सकाळी ओहोटीला खडक उघडे पडले. आबांनी भिवाला हाक मारली.

"खडकार तारामासे आसत. एक घेऊन ये. पाचय हात शाबूत व्हये. मगे तांडेलकीचा बघू."

गडी खो खो हसले. भिवाही हसला. पोरासोरांचं काम ते!

खडकांच्या आड त्याला एक तांबूस तारामासा दिसला. सवयीने त्याने वाळू उचलली, तळहातांवर चोळली आणि माशाला धरून हिसका दिला. मासा हातात आला, पण चारच हातांचा. पाचवा खडकालाच चिकटून राहिला होता.

शेजारच्या खडकावर त्याची आनंदीकाकी कालवं काढत होती. तिने इकडेतिकडे पाहिलं.

"मी कायएक बघूक नाय हां, भिवा. टाक तो पाण्यात, नि दुसरो काढ."

"तू बघूक नाय, काकी. पण मी बघलंय ना!"

काकीने आपलं मडकं समुद्राच्या पाण्याने भरून त्याच्यापुढे एका उंच खडकावर ठेवलं. भिवाने मोडका मासा अलगद त्यात सोडला आणि तो खडकाशी वाकला. तुटलेल्या हाताच्या खाली केसासारखे बारीक पाय होते, शेकड्याने. ते अजूनही खडक धरून होते. आपण जितकं ओढलं तितकं यांनी घट्ट धरलं, हे त्याला तेव्हा उमगलं.

त्याने तळहातावरची वाळू धुऊन टाकली. दुसरा तारामासा शोधला आणि ओला हात त्याच्या कडेला नुसता टेकवून ठेवला. ओढलं नाही, ढकललं नाही. भरती लागली. पाणी गुडघ्याला आलं, कमरेला आलं. किनाऱ्यावरून गडी ओरडू लागले, "भिवा, झोपलंस काय रे?" त्याच्या दंडाला मुंग्या आल्या. आयुष्यात पहिल्यांदाच त्याचे हात काही न करता थांबले होते. पाणी वाकलेल्या भिवाच्या हनुवटीला टेकलं, तेव्हा माशाचा एक हात त्याच्या बोटावर चढला. मग दुसरा. मग सगळा मासाच तळहातावर येऊन बसला.

भिवाने मडकं आबांपुढे ठेवलं.

"हो आखो आसा, आबा. पण हेच्याआधी एक माझ्या हातान मोडलो. तोय हयच आसा."

तांडेलकी गेली, असंच सगळ्यांना वाटलं. भिवालाही तसंच वाटलं, तरी त्याने मान खाली घातली नाही. आबा उठले आणि आपल्या डोक्याचं मुंडासं त्यांनी भिवाच्या डोक्यावर बांधलं.

"वडणारे माझ्याकडे चाळीस आसत," ते म्हणाले. "माका थांबणारो व्हयो होतो. नि मोडलेला दाखवणारो."

दोन्ही मासे भिवाने स्वतः खोल पाण्यात नेऊन सोडले.

तेव्हापासून त्या गावात जाळं उघडण्याआधी चाळीसही गडी हात ओले करतात आणि खाण्याचं नाही ते अलगद पाण्यात सोडतात. पुढच्या वर्षीच्या पहिल्या रापणीत एक तांबूस तारामासा आला. चार हात लांब, पाचवा नवा फुटलेला, करंगळीएवढा. भिवाने तो ओल्या तळहातावर घेतला आणि प्रत्येकासमोर नेऊन दाखवला. कधी दोर ओढल्याचाही त्याला इतका अभिमान वाटला नव्हता.

"बघा रे," तो म्हणाला, "हो माझो!"

तात्पर्य: ओढून घेण्याची ताकद अनेकांत असते, थांबण्याची आणि आपल्या हातून मोडलेलं न लपवण्याची ताकद ज्याच्यात असते, त्याच्याच हाती चार माणसं आपला दोर देतात.