सुईणीने काढलेली गाडी

वाघदऱ्यात जनीला कळा सुरू झाल्या होत्या. बावीस वर्षांपूर्वी जनीला ठकूबाई सुइणीनंच जगात आणलं होतं, त्यामुळे तिचा सगळा जीव तिकडं लागलेला. आणि तिला तिकडं घेऊन निघालेली दवाखान्याची गाडी तर ओढ्याच्या वाळूत रुतून बसली. ड्रायव्हर रजेवर, म्हणून तालुक्याचे डॉक्टर सरपोतदार स्वतः चालवत होते.

"फोर बाय फोर आहे, हत्तीसारखी निघेल!" म्हणत त्यांनी ॲक्सिलरेटर दाबला. मागची चाकं गरगरून आणखी खोल गेली, पुढची मात्र ढिम्म.

शेजारी बसलेली ठकूबाई म्हणाली, "साहेब, आधी थांबा. गाडी न्यूट्रलला आणा, तो धाकटा दांडा 'फोर लो'वर घ्या, मग पहिल्या गियरात हळू सोडा. ड्रायव्हरभाऊ इथं तसंच करतो."

"तू कधी गाडी चालवलीस गं?"

"नाही. पण तुम्ही तरी कधी बाळंत झालात? तरी काल आम्हा सुइणींना तासभर शिकवलंत, वेळेआधी बाईला जोर लावू देऊ नका म्हणून. मी मुकाट ऐकलं की नाही?"

डॉक्टर ओशाळून हसले. थांबले, दांडा ओढला. गाडी चारही चाकांनी सावकाश वर आली.

झोपडीत शिरताना ते म्हणाले, "ठकूबाई, जनीजवळ तुम्ही बसा. मी पाणी तापवतो."

धुरानं डोळे चोळत त्यांनी चूल फुंकली, आणि दिवस कलायच्या आत जनीची लेक खणखणीत रडली.